तात्पुरत्यांचा कायमचा प्रश्न

महापालिकेत वर्षानुवर्षे ‘तात्पुरता’ म्हणून राबणारा कामगार आणि ठाणे-डोंबिवलीच्या दरम्यान कोपरसारख्या वस्तीत भरतीच्या जाहिरातीची वाट पाहत वयोमर्यादा ओलांडणारा पदवीधर यांचे हित परस्परविरोधी आहे, असा समज रूढ झाला आहे. तो तपासून पाहणे अगत्याचे आहे.

सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १० एप्रिल २००६ रोजी उमादेवी प्रकरणात निर्वाळा दिला की, नियमबाह्य नेमणूक केवळ प्रदीर्घ सेवेच्या बळावर कायम करणे हा कलम १४ व १६ मधील समान संधीचा भंग होय. मात्र मंजूर पदांवर, न्यायालयीन आदेशांच्या आधाराविना, दहा वर्षे सेवा केलेल्या पात्र कर्मचाऱ्यांना एकवार कायम करावे, असेही त्याच निकालात म्हटले होते. अनेक आस्थापनांनी निकालाचा पूर्वार्ध ढालीसारखा वापरला आणि उत्तरार्धाकडे काणाडोळा केला.

महाराष्ट्रात १९७१ च्या कायद्यानुसार, कायमपणाचे लाभ नाकारण्याच्या हेतूने कामगारांना वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे ही अनुचित कामगार प्रथा आहे. उमादेवी निकालाने औद्योगिक न्यायालयांचा हा अधिकार हिरावलेला नाही, हे एस. टी. महामंडळाच्या प्रकरणात २००९ साली स्पष्ट झाले. डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उमादेवी निकालाच्या दुरुपयोगावरच बोट ठेवले.

दोघांवरील अन्यायाचे मूळ एकच आहे: कायमचे काम असूनही पदे वेळेवर, जाहिरात देऊन न भरणे. न्यायालय फार तर झालेल्या अन्यायाचे परिमार्जन करील. भरतीचे वेळापत्रक पाळणे हे मात्र शासनाचेच कर्तव्य आहे.