पायात झाडलेली गोळी

गुंडांच्या सिनेमात इमान म्हणजे काय, तर पोलिसांनी कितीही बडवलं तरी साथीदाराचं नाव घ्यायचं नाही. यासुजिरो ओझूंचा १९३३ मधला ‘ड्रॅगनेट गर्ल’ हा जपानी मूकपट मी याच हिशोबाने बघायला बसलो होतो.

जोजी हा पूर्वीचा बॉक्सर, आता एका लहानशा टोळीचा म्होरक्या. त्याची मैत्रीण तोकिको (किनुयो तानाका, काय काम केलंय!) दिवसा ऑफिसात टायपिस्ट, रात्री टोळीत. हिरोशी नावाचा विद्यार्थी या लोकांच्या रुबाबावर भाळून त्यांच्यामागे लागतो. त्याची बहीण काझुको रेकॉर्डच्या दुकानात नोकरी करते. भावाला सोडा, म्हणून ती विनवते आणि जोजीचंच मन तिच्याकडे ओढलं जातं. तोकिको पिस्तूल घेऊन तिला धमकावायला जाते, पण तिला भेटून स्वतःच विरघळते.

पुढे हिरोशी बहिणीच्याच दुकानातल्या गल्ल्यावर हात मारतो. ते पैसे भरता यावेत म्हणून जोजी आणि तोकिको शेवटचा दरोडा घालतात. हा भाग मला जरा ओढूनताणून वाटला. पण त्यानंतर पळताना तोकिको म्हणते, पकडले जाऊ, शिक्षा भोगू, मग नव्याने सुरुवात करू. जोजी ऐकत नाही. तेव्हा ती त्याच्या पायात गोळी घालते आणि रस्त्यातच त्याला मिठी मारून बसते. पोलीस येतात.

सोबत बघणारा मित्र म्हणाला, “ही तर गद्दारी झाली यार.”

मला नाही पटत. गद्दार दुसऱ्याला अडकवून स्वतः सुटतो. तोकिको त्याच्याबरोबर स्वतःलाही बेड्या घालून घेते. जोजी आपल्याला कधीच माफ करणार नाही, हा धोकाही पत्करते.

मला तेवढं जमलं नव्हतं. हॉस्टेलवर आमच्यातला एक जण मोबाइलवर पैसे लावून रमी खेळायचा. त्याच्या वडिलांचा फोन आला की मी ठोकून द्यायचो, “लायब्ररीत आहे तो, काका.” फीचे पैसे गेले तरी आम्ही कोणी तोंड उघडलं नाही. काकांना सांगितलं असतं तर तो माझ्याशी बोलायचा थांबला असता, एवढीच माझी भीती. त्याला आम्ही दोस्ती म्हणत होतो. त्याने मधेच कॉलेज सोडलं.

आता कधी भेटलो तर आम्ही क्रिकेटवर बोलतो.