दिरंगाईचे उपकार

न्यायालयांच्या दिरंगाईवर तोंडसुख घेण्यात प्रस्तुत लेखक कोणाच्या मागे नाही. तथापि फाशीचे हुकूम वर्षानुवर्षे अंमलबजावणीवाचून पडून राहतात अशी हाकाटी सभांतून कानी पडू लागली, की नाशिकच्या एका खटल्याचे स्मरण होऊन त्या दिरंगाईविषयी काहीशी कृतज्ञताच वाटू लागते.

2003 साली नाशिकनजीक एका झोपडीवर दरोडा पडून एकाच कुटुंबातील पाच जीव निर्घृणपणे घेतले गेले, आणि त्या गुन्ह्याबद्दल भटक्या जमातीतील सहा जणांना 2006 साली सत्र न्यायालयाने फाशी फर्मावली. उच्च न्यायालयाने त्यांपैकी तिघांची शिक्षा जन्मठेपेवर आणली. परंतु जेथे मनुष्य शेवटची दाद मागावयास जातो त्या सर्वोच्च न्यायालयाने 2009 साली त्या तिघांनाही पुनश्च फासाच्या रांगेत उभे केले. पुढे त्याच न्यायालयाने आपला निकाल मागे घेऊन अपिले नव्याने चालविली, तेव्हा असे निष्पन्न झाले की, हल्ल्यातून बचावलेल्या मातेने घटनेनंतर दोनच दिवसांनी पोलिसांकडील छायाचित्रांतून निराळ्याच चौघांकडे बोट दाखविले होते, आणि त्या चौघांवर खटला भरण्याची तसदी कोणी घेतली नव्हती. मार्च 2019 मध्ये सहाही जण निर्दोष ठरले. सरकारने प्रत्येकी पाच लाख रुपये द्यावेत, असा हुकूम झाला. कैदेतील सुमारे सोळा वर्षांची ही किंमत कोणत्या हिशेबाने मुक्रर झाली, हे मुरब्बी फडणविसालाही उलगडू नये. परंतु ती घ्यावयास माणसे तरी शिल्लक होती.

लंडनच्या टिमोथी इव्हान्सला तेवढाही अवसर लाभला नाही. आपल्या चिमुकल्या मुलीच्या खुनाबद्दल जानेवारी 1950 मध्ये तो दोषी ठरला आणि दोन महिने उलटण्यापूर्वीच, 9 मार्चला, फासावर चढला. मधली अपिलाची पायरीसुद्धा त्या तत्पर कारभाराने रीतसर ओलांडली होती. त्याच्याविरुद्ध साक्ष देणारा, त्याच घरात राहणारा जॉन क्रिस्टी हा स्वतःच अनेक स्त्रियांचा खुनी असल्याचे 1953 साली उघडकीस आले, आणि इव्हान्सला मरणोत्तर माफी मिळाली ती 1966 साली.

जेथे अपराध निःसंशय शाबीत आहे तेथेच त्वरा करावी, असे सुज्ञ गृहस्थ म्हणतात. पण 2009 साली नाशिकच्या खटल्यातही न्यायासनाला संशय नव्हता. आणि क्रिस्टी फासावर जाण्याच्या तोंडावर, त्याचे प्रताप जगजाहीर झाले असताना, सरकारने खास नेमलेल्या चौकशीनेही इव्हान्सच दोषी असल्याचा निर्वाळा दिला होता.