गुणपत्रिकेबाहेरचे गुण

परीक्षांचे निकाल लागले, की आपल्या मंडळांतून गुणवंत विद्यार्थ्यांच्या सत्काराची पत्रके निघू लागतात. टक्केवारीची अट, गुणपत्रिकेची सत्यप्रत, पालकांची स्वाक्षरी, सारे त्यात नेमके सांगितलेले असते. महाविद्यालयाच्या संघातून वर्षभर घाम गाळणाऱ्या मुलामुलींसाठी मात्र बहुधा एकही ओळ नसते.

मैदानावरील गुणांचा वार्षिक गौरव कसा करावा, याचा विचार अन्यत्र पुष्कळ झाला आहे. अमेरिकेत महाविद्यालयीन बेसबॉलला मोठी प्रतिष्ठा आहे. तेथील सर्वोत्कृष्ट हौशी बेसबॉलपटूस १९७८ पासून ‘गोल्डन स्पाइक्स’ पुरस्कार देण्यात येतो. त्याचा पहिला मानकरी अ‍ॅरिझोना स्टेट विद्यापीठाचा बॉब हॉर्नर. परंतु आपल्या घरांना अधिक जवळचा वाटावा असा तेथील बहुमान म्हणजे १९५२ साली सुरू झालेला ‘अकॅडेमिक ऑल-अमेरिका’. केवळ उत्तम खेळून तो मिळत नाही. अभ्यासातील गुणही उत्तम असावे लागतात.

आपल्याकडे आंतरविद्यापीठीय क्रिकेटसाठी रोहिंटन बारिया चषक १९३५-३६ पासून आहे. सर्व खेळांत मिळून सरस ठरणाऱ्या विद्यापीठास १९५६-५७ पासून मौलाना अबुल कलाम आझाद चषक देण्यात येतो. हे मान थोर खरेच; परंतु ते संघाचे आणि विद्यापीठाचे. चषक कपाटात विराजमान होतो आणि खेळाडू प्रमाणपत्राची गुंडाळी घेऊन घरी येतो. तेथे त्याचे स्वागत ठरलेल्या प्रश्नाने होते: “खेळून का पोट भरणार आहे?”

१९४५-४६ ते १९५२-५३ या काळात होळकर संघाने चार वेळा रणजी करंडक जिंकलेला पाहिलेल्या इंदूरने तरी हा प्रश्न विचारू नये. त्याच संघातील चंदू सरवटे यांनी १९४६ च्या इंग्लंड दौऱ्यात शूट बॅनर्जींसमवेत सरे संघाविरुद्ध अखेरच्या जोडीसाठी २४९ धावा जोडल्या. दोघांनीही शतके झळकावली. हेच सरवटे बोटांच्या ठशांचे तज्ज्ञ म्हणूनही नावाजलेले होते. एकाच आयुष्यात विद्या आणि क्रीडा सुखाने नांदू शकतात, याला आणखी कोणता दाखला हवा? मुलींच्या पालकांनी आपल्याच गावच्या संध्या अग्रवाल यांचे स्मरण ठेवावे. १९८६ साली इंग्लंडविरुद्धच्या कसोटीत त्यांनी १९० धावा काढून त्या वेळचा जागतिक विक्रम केला.

शिक्षकी पेशात मी एक गोष्ट वारंवार पाहिली आहे. दहावीनंतर घरच्यांच्या धाकाने मैदान सोडलेला मुलगा अधिक अभ्यास करतोच असे नाही. तो अधिक उदास मात्र होतो. पराभव पचविणे, पंचांचा निर्णय मान्य करणे, दुसऱ्याच्या यशासाठी धावणे, हे धडे कोणत्याही गुणपत्रिकेत उतरत नाहीत. आयुष्यात मात्र त्यांचीच परीक्षा पुनःपुन्हा होते.

म्हणून माझी एक नम्र सूचना आहे. प्रत्येक मंडळाने यंदापासून महाविद्यालयीन खेळाडूंसाठी दोन पारितोषिके ठेवावीत, एक मुलासाठी व एक मुलीसाठी. अटी दोनच असाव्यात: महाविद्यालयाचे वा विद्यापीठाचे प्रतिनिधित्व केलेले असावे आणि वार्षिक परीक्षा उत्तीर्ण केलेली असावी. रक्कम अल्प असली तरी चालेल; एखादी बॅट वा बुटांचा जोडही पुरे. परंतु त्या खेळाडूच्या आईवडिलांना व्यासपीठावर अवश्य बोलवावे. टाळ्यांची खरी गरज पुष्कळदा त्यांनाच असते. त्या कानी पडल्या, तर घरातला तो ठरलेला प्रश्न कदाचित पुन्हा विचारला जाणार नाही.