चित्र घेतले, पण कशासाठी?

गाण्याची तबकडी साध्या कागदी पिशवीतून घरी येई, तो काळ वडीलधाऱ्या वाचकांना आठवत असेल. वेष्टनावर मुद्दाम काढलेले चित्र असावे, ही चाल अमेरिकेत कोलंबिया कंपनीच्या ॲलेक्स स्टाइनवाइस या चित्रकाराने १९४० च्या सुमारास रूढ केली. पुढे गाणे आणि चित्र यांची अशी गाठ पडली की, वेष्टन दिसताच चाल आठवावी! साहजिकच, संगीताचा कोश लिहिणाऱ्याला तबकडीची हकीकत सांगताना तिचे रूपही दाखवावेसे वाटते. पण चित्राचा मालक निराळा. मग त्याची परवानगी हवी की नको?

कोणी म्हणेल, "विचारावे, पैसे भरावे, मोकळे व्हावे." ठीक आहे, पण मालक नाही म्हणाला तर? लेखातली टीका त्याला रुचली नाही तर? मग इतिहास काय त्याच्या मर्जीने लिहायचा?

अमेरिकेत असाच एक तंटा झाला. तो वेष्टनांचा नव्हता, जलशांच्या जाहिरातचित्रांचा आणि तिकिटांचा होता. पण प्रश्न हाच. 'ग्रेटफुल डेड' या वाद्यवृंदाचा ४८० पानांचा सचित्र इतिहास डॉर्लिंग किंडरस्ली या प्रकाशनसंस्थेने २००३ मध्ये काढला. त्यातील सात चित्रांचे हक्क बिल ग्रॅहम आर्काइव्ह्ज या संस्थेकडे होते. परवानगीची बोलणी झाली, दर जमला नाही, आणि चित्रे तशीच छापली गेली. संस्था कोर्टात गेली. २००६ मध्ये अपिलाच्या कोर्टाने निकाल दिला तो प्रकाशकाच्या बाजूने!

का बरे? चित्रे अख्खी घेतली होती हे खरे. पण ती पुष्कळ लहान करून, तारीखवार हकिकतीत, मजकुराला लागून बसवली होती. मूळ चित्रे जलशाला गर्दी जमावी म्हणून काढलेली. पुस्तकात ती घडलेल्या गोष्टीचा पुरावा म्हणून आली. भिंतीवर लावायला कोणी ते पुस्तक विकत घेणार नव्हते. परवानगी मागितली होती, एवढ्यावरून प्रकाशकाचा हक्क बुडाला असेही कोर्टाने मानले नाही.

आपला कायदा १९५७ चा. त्याच्या ५२ व्या कलमात खाजगी वापर व संशोधन, टीका वा परीक्षण, आणि चालू घडामोडींचे वृत्त यांसाठी वाजवी वापराला मुभा आहे. त्या यादीत 'संदर्भलेख' हा शब्द मात्र नाही. म्हणून आपल्याकडे कोशकाराने अधिक जपून वागावे. चित्रकाराचा हक्क त्याच्या हयातीत आणि पुढे साठ वर्षे चालतो, हेही ध्यानात ठेवावे.

'अमुक टक्के घेतले तर चालते', 'खाली नाव दिले की झाले', असे पुष्कळजण सांगतात. अशी सरसकट सूट कायद्यात कोठेही नाही. तेव्हा मंडळाची स्मरणिका काढणाऱ्यांनी स्वतःला विचारावे : या चित्राविषयी आपण काही सांगतो आहोत काय? ते काढून टाकले तर मजकूर लंगडा पडेल काय? आणि आपले पान पाहून मूळ चित्र घेणारा गिऱ्हाईक घरीच थांबेल काय? उत्तरे 'होय, होय, नाही' अशी आली, तर आपली बाजू बरीच बळकट. नुसते पान सजवायचे असेल, तर मात्र मालकाला विचारावे, नाहीतर आपल्याच एखाद्या होतकरू चित्रकाराला चार पैसे द्यावेत. तोही उद्याचा मालकच आहे!