गृहस्थाचा कायदा : एकतर्फी निवाडा

लग्नपत्रिका आली, कीं ती घरांतील दहा जणांच्या हातांतून फिरते. न्यायालयाचा कागद मात्र पुष्कळदां फडताळांत जाऊन पडतो. ज्या कुटुंबांत कोणाच्या तरी नांवावर मोटार अगर स्कूटर आहे, त्यांस ही संवय फार महाग पडते.

वर्धा जिल्ह्यांतून नागपूर-तुळजापूर रस्ता जातो. २०२२ च्या डिसेंबरांत समृद्धि महामार्गाचा नागपूर-शिर्डी टप्पा खुला झाल्यापासून तेथील रहदारीहि वाढली आहे. अपघाताच्या भरपाईचा दावा १९८८ च्या मोटार वाहन कायद्यानें अपघातस्थळीं, अर्जदाराच्या गांवीं किंवा प्रतिवादीच्या गांवीं लावतां येतो. म्हणून पुलगांवच्या बिऱ्हाडीं अमरावतीचें समन्स येऊं शकतें, आणि पुण्याच्या मालकास वर्ध्याच्या न्यायाधिकरणापुढें उभें राहावें लागतें.

मालक घरीं नसेल व लवकर भेटण्याचा संभव नसेल, तर त्याच्यासह राहणाऱ्या कुटुंबांतील सज्ञान व्यक्तीकडे समन्स देतां येतें. पूर्वीं ती व्यक्ति पुरुषच असावी लागे. १९७६ च्या दुरुस्तीनें स्त्रीकडे दिलेलें समन्सहि पोंचलें असें धरतात. घरगडी मात्र कुटुंबीय नव्हे. तेव्हां ‘सासूबाईंनीं सही केली, मला कोणी सांगितलेंच नाहीं,’ एवढ्या सबबीवर विसंबूं नये.

‘विमा आहे, कंपनी पाहून घेईल,’ हा दुसरा भ्रम. चालकाच्या परवान्याविषयीं शर्तभंग सिद्ध झाल्यास कंपनीनें पीडितांस पैसे द्यावे व मागाहून मालकाकडून वसूल करावे, असा हुकूम होऊं शकतो. शिवाय गाडी विकली पण नोंदणी बदलली नाहीं, तर कायद्याच्या दृष्टीनें मालक तोच, असें सर्वोच्च न्यायालयानें २०१८ सालीं ठरविलें आहे. गैरहजर मालकाची बाजू तेथें मांडणार कोण? निवाड्याची रक्कम न भरल्यास ती जमीनमहसुलाच्या थकबाकीप्रमाणें वसूल होते.

निवाडा अद्याप झाला नसेल, तर पुढच्या तारखेस हजर होऊन गैरहजेरीचें सबळ कारण दाखवावें. झाला असेल तर दोन मार्ग आहेत. पहिला, त्याच न्यायाधिकरणाकडे तो रद्द करण्याचा अर्ज. दिवाणी प्रक्रिया संहितेचा ९ वा आदेश महाराष्ट्राच्या १९८९ च्या मोटार वाहन नियमांनीं येथें लागू आहे. मुदत निवाड्यापासून ३० दिवस. समन्स रीतसर पोंचलें नसल्यास निवाडा कळल्यापासून ३० दिवस. समन्स पोंचलें नाहीं, किंवा त्या तारखेस येण्यास पुरेसें कारण आडवें आलें, यांपैकीं एक सिद्ध करावें लागतें. समन्स बजावण्यांतील नुसती त्रुटि पुरत नाहीं. तारीख ठाऊक असून हजर होण्यास अवकाशहि होता असें दिसल्यास अर्ज फेटाळला जातो. म्हणून वकिलाकडून प्रथम बेलीफाचा अहवाल पाहवावा, आणि रुग्णालयाचे कागद अगर जुन्या पत्त्याचा पुरावा जोडावा.

दुसरा मार्ग अपिलाचा. वर्ध्याचें अपील उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे ९० दिवसांत जातें. भरपाई देणें असलेल्यानें २५,००० रुपये किंवा रकमेचा निम्मा भाग, यांतील कमी असेल तें आधीं भरावें लागतें. वादाची रक्कम एक लाखाहून कमी असल्यास अपील नाहीं. दोन्ही मार्ग एकदम धरतां येतात, परंतु अपील फेटाळलें गेल्यास पहिल्या अर्जाचें दार बंद होतें. अर्जांत गेलेला काळ प्रामाणिक असल्यास अपिलाच्या विलंबास तो पुरेसें कारण ठरूं शकतो, असें २०१९ सालीं महाराष्ट्रांतील एका दाव्यांत सर्वोच्च न्यायालयानें म्हटलें.

निवाडा रद्द झाला म्हणजे देणें मिटलें, असें मात्र नव्हे. दावा पुन्हां चालतो. खर्च देण्याची अगर कांहीं रक्कम भरण्याची अट पडूं शकते. आणि दुसऱ्या बाजूसहि एक कुटुंब असतें. त्या घरचा मिळवता हात गेलेला असतो, व प्रत्येक तारखेबरोबर त्यांची वाट लांबते. सांगण्यासारखें कांहीं खरें असेल तरच हा अर्ज करावा. केवळ वेळ काढण्यासाठीं करूं नये.

घरांत एक वही ठेवावी. न्यायालयाचा कागद कोणीं, केव्हां घेतला तें तींत त्याच दिवशीं लिहावें, आणि ज्याच्या नांवाचा कागद असेल त्यास संध्याकाळपर्यंत कळवावें. परगांवीं असलेल्यास दूरध्वनि करण्यास दोन मिनिटेंहि लागत नाहींत.