खेळाडू हा कामगार आहे, त्याचे मैदान विकू देणार नाही!



‘खेळ हा युनियनचा विषय नव्हे,’ असे साहेबलोक नेहमी सांगतात आणि आपल्यातलेही काहीजण मान डोलावतात. युनियनने पगार, बढती, बदली आणि पेन्शन एवढेच बोलावे, मैदानाचे काय करायचे ते प्रशासन पाहील, असा हा युक्तिवाद आहे. आम्हाला तो साफ अमान्य आहे. का अमान्य आहे, हे दोन खेळाडूंच्या आयुष्यांवरून मांडतो. एक दूरच्या स्कॉटलंडचा. दुसरा आम्हा रायपूरकरांच्या शेजारचा, सुमारे ११० किलोमीटरवरच्या बिलासपूरचा.

ह्यूई गॅलाचर हा १९०३ साली बेलशिल या स्कॉटलंडमधील कोळसा-पोलादाच्या गावी जन्मला. पोरवयात दारूगोळ्याच्या कारखान्यात आणि मग कोळशाच्या खाणीत त्याने काम केले. उंची जेमतेम साडेपाच फूट. पण चेंडू पायाशी आला की मोठमोठे बचावपटू गारद होत. १९२४ साली एअरड्री संघाला त्याने स्कॉटिश चषक जिंकून दिला. १९२५ च्या डिसेंबरात इंग्लंडमधील न्यूकॅसल क्लबाने ६,५०० पौंड मोजून त्याला घेतले. १९२६-२७ च्या मोसमात कप्तान म्हणून त्याने ३८ लीग सामन्यांत ३६ गोल केले आणि न्यूकॅसल विजेता ठरला. १९२८ साली लंडनच्या वेम्बली मैदानावर इंग्लंडला ५-१ असे लोळवणाऱ्या स्कॉटिश संघातही तो होता. १९३० साली चेल्सी क्लबाने त्याच्यासाठी १०,००० पौंड मोजले.

आता हिशेब पाहा. हे दहा हजार एका क्लबाने दुसऱ्या क्लबाला दिले. खेळाडूच्या पगारावर मात्र लीगने कमाल मर्यादा घातलेली होती. १९२२ पासून मोसमात आठवड्याला आठ पौंड आणि उन्हाळ्याच्या सुटीत सहा पौंड, त्यापुढे नाही. वर्षभर आठच पौंड धरले, तरी ४१६ पौंड होतात. म्हणजे ज्याची किंमत चोवीस वर्षांच्या पगाराइतकी, त्याच्या हाती आठवड्याचे आठ पौंड! करार संपला तरी जुन्या क्लबाने सोडल्याखेरीज दुसरीकडे खेळता येत नसे. बाजारात बैलाची जोडी विकली जाते, तेव्हा पैसे बैलाला मिळत नाहीत; हा व्यवहार त्याहून वेगळा तो काय?

गॅलाचर काही संत नव्हता. दारू, तापट डोके आणि घरातले कलह हे सारे त्याच्या आयुष्यात होते आणि त्याचे खापर आम्ही क्लबांवर फोडणार नाही. पण कीर्तीच्या शिखरावर असलेला माणूस १९३४ साली दिवाळखोरीत निघतो, पाय थकत जातात तसतसा कमी कमी किमतीत या क्लबातून त्या क्लबात फिरवला जातो आणि १९३९ मध्ये खेळ संपल्यावर मिळेल ती कामे करतो. हा केवळ स्वभावाचा दोष नव्हे. ११ जून १९५७ रोजी गेट्सहेडजवळ रेल्वेगाडीखाली त्याचा अंत झाला. गाडीखाली गेलेला माणूस गँगमनला आणि ड्रायव्हरला किती वर्षे दिसत राहतो, हे या पानाच्या वाचकांना सांगायला नको.

हा अन्याय मोडला कोणी? क्लबांच्या मालकांनी नव्हे; खेळाडूंच्या युनियनने. १९०७ साली मँचेस्टरमध्ये तिची स्थापना झाली. १९०९ मध्ये ती कामगार संघटनांच्या महासंघाशी जोडली जाताच फुटबॉलच्या धन्यांनी युनियन सोडा, नाहीतर बंदी घालू, असा दम भरला. मँचेस्टर युनायटेडचे खेळाडू तेव्हा ठाम उभे राहिले. खेळाडू महासंघात आला तर तो स्वतःला कामगार म्हणू लागेल, ही धन्यांची खरी भीती होती. अखेर १९६१ च्या जानेवारीत, संपाची नोटीस पुढे ठेवल्यावर, पगाराची कमाल मर्यादा रद्द झाली आणि १९६३ मध्ये न्यायालयाने खेळाडूला अडकवून ठेवण्याची पद्धतही अयोग्य ठरवली. आजचे परदेशी फुटबॉलपटू कोट्यधीश आहेत, हे आम्हाला तोंडावर फेकले जाते. ती कोटींची वाट संपाच्या नोटिशीने मोकळी केली, हे मात्र कोणी सांगत नाही!

आता आपल्या भागाकडे या. नागपूर, डोंगरगड, रायपूर, बिलासपूर ही बंगाल-नागपूर रेल्वेची लाइन. सी. पी. अँड बेरारच्या काळात कित्येक मराठी कुटुंबे याच लाइनने इकडे आली. या बी. एन. आर.ने १९३२ च्या ऑलिम्पिकला कार आणि टॅप्सेल, तर १९३६ च्या बर्लिनला टॅप्सेल आणि गॅलिबार्डी असे हॉकीपटू दिले. पण त्या काळाचे गोडवे आम्ही गाणार नाही. गोऱ्यांचे इन्स्टिट्यूट वेगळे आणि हिंदी कामगारांचे वेगळे, अशी ती व्यवस्था होती. १९२७ साली याच रेल्वेच्या खरगपूर कारखान्यात कामगार संपावर गेले. पुढे राष्ट्रपती झालेले व्ही. व्ही. गिरी हे त्यांचे नेते होते.

त्याच १९२७ च्या मार्चमध्ये बिलासपुरात लेस्ली क्लॉडियस यांचा जन्म झाला. तरुणपणी ते खरगपूरला बी. एन. आर.च्या मैदानावर फुटबॉल खेळत. एकदा हॉकीच्या सरावाला माणूस कमी पडला, म्हणून ऑलिम्पिकवीर डिकी कार यांनी त्यांच्या हाती स्टिक दिली. १९४८, १९५२ आणि १९५६ अशी सलग तीन ऑलिम्पिक सुवर्णपदके, १९६० ला रोममध्ये कप्तान म्हणून रौप्य आणि १९७१ मध्ये पद्मश्री, एवढा पल्ला त्यांनी गाठला. कोणी त्यांची बोली लावली नाही. त्यांनी कलकत्त्याच्या कस्टम्समध्ये कायम नोकरी केली, तिथूनच अधिकारी म्हणून निवृत्त झाले आणि २०१२ साली कलकत्त्यातच सन्मानाने गेले.

दोघांची गुणवत्ता अव्वल होती. फरक होता तो पायाखालच्या जमिनीचा. एकाला कायम नोकरीचा आधार होता, दुसऱ्याला नव्हता. स्वप्नील कुसळे हा कोल्हापूर जिल्ह्याचा नेमबाज मध्य रेल्वेत तिकीट तपासनीस होता. २०२४ साली पॅरिसला त्याने ऑलिम्पिक कांस्यपदक मिळवले, तेही याच आधारावर.

आणि खेळायला वेळ लागतो. तो वेळही कोणी दान दिलेला नाही. १९४७ च्या न्या. राजाध्यक्ष निवाड्याने रेल्वे कामगाराच्या तासांना मर्यादा घातली, त्यामागे कामगारांची चळवळ होती. आज ठेकेदाराकडे राबणाऱ्या पोराला ना निश्चित तास, ना सुटी, ना इन्स्टिट्यूटचे कार्ड. ग्रामीण डाक सेवकाला अजूनही नियमित सरकारी कर्मचाऱ्याचा दर्जा नाही. त्यांच्या मुलांतला क्लॉडियस कोणत्या मैदानावर सापडणार?

मैदान तरी राहणार आहे काय? सरकारने २०२१ साली सार्वजनिक मालमत्ता खाजगी हाती देऊन पैसा उभारण्याची जी योजना जाहीर केली, तिच्या यादीत रेल्वेची पंधरा स्टेडियम होती. व्यापारी विकासाच्या अभ्यासासाठी ज्या मैदानांची नावे पुढे आली, त्यांत मुंबईचे परळ आणि महालक्ष्मीही होते. रायपूरला आम्ही झगमगाटही पाहिला. २०१३ मध्ये नव्या रायपुरात आयपीएलचे सामने झाले, २०१५ मध्ये शहरातल्या हॉकी स्टेडियमवर भारताने कांस्यपदक जिंकले. त्या पदकाचा आम्हाला अभिमानच आहे. परंतु झगमगाटातल्या स्टेडियमवर खेळाडू फक्त दिसतो. तो घडतो वसाहतीच्या धुळीच्या मैदानावर. ते मैदान विकून ऑलिम्पिक पदकांची स्वप्ने पाहणे म्हणजे विहीर बुजवून मोटेची पूजा करणे होय!

म्हणून आमच्या मागण्या स्पष्ट आहेत. रेल्वे आणि टपाल वसाहतींची मैदाने व इन्स्टिट्यूट कोणत्याही नावाखाली विकू वा भाड्याने देऊ नयेत. खेळाडूंच्या भरतीच्या जागा रिकाम्या ठेवू नयेत आणि त्यांना कायम नोकरी व निश्चित पेन्शन मिळावी. ठेका कामगार, डाक सेवक आणि त्यांची मुले यांना ही मैदाने खुली करावीत.

साथींनो, पुढच्या शाखा सभेत आपल्या मैदानाचा विषय कार्यक्रमपत्रिकेवर घ्या. ते कोणाच्या नावावर आहे, त्याच्या कोणत्या योजना फायलीत आहेत, हे लेखी विचारा. कुंपणाचे खांब उभे राहिल्यावर केलेली घोषणाबाजी उशिराची ठरते.