हा सूर्य, हा जयद्रथ आणि नसलेले ग्रहण

मराठीत ‘हा सूर्य, हा जयद्रथ’ असे म्हटले की पुढे वाद उरत नाही. पुरावा समोर आहे, डोळे असतील तर पाहा, एवढाच त्याचा अर्थ. चाळीतल्या भांडणात आणि सभागृहातल्या भाषणात तो सारख्याच सहजतेने येतो. मात्र अलीकडे वर्गात हा वाक्प्रचार निघाला की कुणीतरी विद्यार्थी आत्मविश्वासाने सांगतो, “सर, ते खरं म्हणजे खग्रास सूर्यग्रहण होतं. कृष्णाला ते आधीच माहीत होतं.” त्या ग्रहणावरून भारतीय युद्धाची तारीख काढल्याचे दावेही तो ऐकून आलेला असतो. हे स्पष्टीकरण विज्ञाननिष्ठ वाटते खरे. पण माझ्या मते त्याने विज्ञानाचेही भले होत नाही आणि साहित्याचेही.

आधी प्रसंग पाहू. अभिमन्यूच्या वधानंतर अर्जुन प्रतिज्ञा करतो : उद्या सूर्यास्तापूर्वी जयद्रथाला मारीन, नाहीतर अग्निप्रवेश करीन. युद्धाच्या चौदाव्या दिवशी सूर्य कलतो, जयद्रथ मात्र कौरवसेनेच्या आड सुरक्षित असतो. तेव्हा कृष्ण आपल्या योगसामर्थ्याने अंधार निर्माण करतो, असे द्रोणपर्वाचा प्रचलित पाठ सांगतो. लोकपरंपरेने त्या जागी सुदर्शनचक्र आणले. सूर्य दिसेना म्हणून जयद्रथ मान उंचावून आकाशाकडे पाहतो आणि तेवढ्यात त्याचा वध होतो.

हे ग्रहण असू शकेल काय? सूर्यग्रहण फक्त अमावास्येला होते. त्या दिवशीचे युद्ध सूर्यास्तानंतरही थांबत नाही. त्याच रात्री घटोत्कच पडतो, थकलेले सैन्य रणांगणावरच झोपी जाते आणि रात्रीचा बराच भाग उलटल्यावर चंद्र उगवतो. त्या चंद्रोदयाचे वर्णन द्रोणपर्वातल्या सुंदर वर्णनांपैकी एक आहे. अमावास्येचा चंद्र सूर्याच्या मागोमागच मावळतो. तो मध्यरात्रीनंतर उगवत नाही. म्हणजे ग्रहणाविरुद्धची साक्ष बाहेरून आणावी लागत नाही, ती ग्रंथच देतो. इथेच ‘हा सूर्य, हा जयद्रथ’ म्हणावे!

याहून एक गोष्ट महत्त्वाची. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेने १९१९ ते १९६६ या काळात अनेक हस्तलिखिते ताडून महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. कृष्णाने अंधार निर्माण केल्याचा भाग तिच्या संहितेत घेतलेला नाही. म्हणजे ज्या अंधारावर कालगणनेचा डोलारा उभा करायचा, तो कथेत नंतर कुणा कवीने आणला असावा. महाभारतातल्या ग्रहनक्षत्रांच्या उल्लेखांचा अभ्यास करू नये, असा याचा अर्थ नव्हे. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ (१८९६) या ग्रंथात तो केलाच आहे. पण आकाशातले निरीक्षण कोणते आणि कवीने निर्माण केलेला प्रकाश किंवा अंधार कोणता, हा विवेक त्या अभ्यासाची पहिली पायरी आहे.

सामान्य प्रेक्षकाजवळ हा विवेक होता. लालबाग-परळच्या गिरणगावात गणेशोत्सवातल्या चलत देखाव्यांची मोठी परंपरा आहे. जयद्रथवधासारखा प्रसंग त्यांना अगदी सोयीचा : पाठीमागून दिवा लावलेला सूर्य, त्याच्यासमोर सरकणारे पुठ्ठ्याचे चक्र, मग अंधार आणि पुन्हा उजेड. रांगेत उभ्या असलेल्या गिरणी कामगाराला यात कोणती खगोलीय घटना आहे हे विचारावेसे वाटले नाही. खरे ग्रहणही त्याला ठाऊक होते. १६ फेब्रुवारी १९८० रोजी दुपारी खग्रास ग्रहणाचा पट्टा कर्नाटकातून गेला, मुंबईत ते खंडग्रास दिसले आणि भर दुपारी शहरातले रस्ते ओस पडले. त्या ग्रहणाची वेळ कित्येक वर्षे आधी गणिताने सांगता येत होती. पुठ्ठ्याच्या चक्राची वेळ फक्त कथेला ठाऊक असते. वरळीच्या नेहरू तारांगणात १९७७पासून घुमटाखाली भर दिवसा रात्र केली जाते. ती खरी मानून कुणी घरी झोपायला जात नाही. कल्पित आकाश आणि खरे आकाश यांत माणूस सहसा गोंधळत नाही. गोंधळ होतो तो एकाला दुसऱ्याचे प्रमाणपत्र मिळवून देण्याच्या हट्टामुळे.

या हट्टाची किंमत काय? माझ्या दृष्टीने ती नैतिक आहे. कृष्णाने अंधार केला असेल तर तो कपटाचा दोषही पत्करतो. धर्माच्या बाजूने लढणाऱ्यांनी सूर्य लपवावा का, हा प्रश्न वाचकाला टोचत राहतो आणि महाभारत मोठे होते ते अशा टोचणाऱ्या प्रश्नांमुळेच. तेच ग्रहण मानले की कपट नाहीसे होते. चंद्र आपल्या कक्षेत फिरत होता, कृष्णाला फक्त पंचांग उत्तम येत होते! दोष कुणाचाच नाही, म्हणून प्रश्नही नाही. देवाचे चमत्कार काढून टाकल्याचे समाधान आपल्याला मिळते. प्रत्यक्षात आपण त्याची जबाबदारी काढून टाकलेली असते.

शिवाय या स्पष्टीकरणामागे एक न्यूनगंड दडलेला आहे. आपली कथा घडलेली ठरली तरच ती मोलाची, नुसती कल्पिलेली असेल तर कमी दर्जाची, असा तो समज आहे. साहित्य शिकवणाऱ्याने त्याला मान तुकवू नये. जिथे प्रतिज्ञेच्या वेळी सूर्य थांबू शकतो, झाकला जाऊ शकतो, पुन्हा प्रकटू शकतो, असे आकाश माणसाने रचले ही काही लाजेची बाब नव्हे.

मराठी भाषेने या प्रसंगातून काय उचलले तेही पाहण्यासारखे आहे. तिने अंधाराचा वाक्प्रचार केला नाही, त्यानंतरच्या उजेडाचा केला. जो सूर्य घटकाभर लपवला गेला, त्याचीच साक्ष आपण निर्विवाद पुराव्यासाठी काढतो. डोळ्यांना दिसते ते सत्य असतेच असे नाही, हे जाणूनच या भाषेने डोळ्यांसमोरच्या सत्यासाठी ही प्रतिमा निवडली असावी, असे मानायला मला आवडते. हे शहाणपण कोणत्याही ग्रहणाच्या तक्त्यात सापडणार नाही.